फोटो न काढणारा कॅमेरा

[काळी स्क्रीन]

व्हिडिओ अडकलेला नाहीये. स्क्रीन काळी आहे कारण कॅमेऱ्यासमोर काही हलतच नाहीये. टेबलावर एक टेबलफॅन आहे, बंद, शेजारी पाण्याची बाटली आणि कुणाचं तरी जर्नल, आणि हा कॅमेरा ते सगळं बघतोय पण त्याला सांगण्यासारखं काही वाटत नाहीये.

आता फॅन लावला.

[पात्यांच्या कडा ठिपक्यांनी उजळतात]

बघा. बाटली अजून गायब, जर्नल गायब, फक्त पाती. पाती पण अख्खी नाहीत, त्यांच्या कडा. पांढरा ठिपका म्हणजे तिथला उजेड वाढला, निळा म्हणजे कमी झाला. शेजारी तुलनेला मोबाईलचा व्हिडिओ लावलाय, त्यात पात्यांच्या जागी नुसतं धुरकट चक्र आहे. मोबाईल सेकंदाला 30 फोटो काढतो, दोन फोटोंच्या मधे 33 मिलिसेकंद जातात, तेवढ्यात पातं कुठल्या कुठे पोचलेलं असतं. इकडे ठिपक्यांच्या वेळा मायक्रोसेकंदात नोंदल्या जातायत, त्यामुळं रेकॉर्डिंग हळू केलं की एकेक पातं सुटं होतं.

याला इव्हेंट कॅमेरा म्हणतात. हा फोटो काढत नाही. प्रत्येक पिक्सेल आपापला स्वतंत्र, आणि आपल्या जागचा उजेड बदलला तरच तोंड उघडणार.

[ट्यूबलाइट. स्क्रीन लुकलुकते.]

हे बघा काय होतं. जुनी चोकवाली ट्यूबलाइट लावली. आपली वीज 50 हर्ट्झची, म्हणजे ट्यूब सेकंदाला 100 वेळा कमीजास्त होते, आपल्या डोळ्याला पत्ता लागत नाही पण इथे सगळे पिक्सेल एकदम ओरडायला लागले. म्हणून पुढचं सगळं शूटिंग खिडकीच्या उजेडात केलंय, एखाद्या शॉटमधे ऊन-सावली झाली असेल तर चालवून घ्या.

[व्हाइटबोर्ड. मार्करनं सर्किट काढणारा हात.]

आता इथल्या लॅबमधल्या मॅडम बोर्डवर जे काढतायत ते नीट बघा, कारण कॉम्प्युटर व्हिजन, म्हणजे कॉम्प्युटरला बघायला शिकवणं, म्हटलं की आपल्याकडे पोरं डायरेक्ट पायथन उघडतात आणि ॲनलॉगचा, म्हणजे सलग बदलणाऱ्या व्होल्टेजच्या सर्किटांचा पेपर सुटला की हुश्श करतात. इथे जे चाललंय ते सगळं त्याच पेपरातलं आहे.

पहिला भाग फोटोडायोड. उजेड पडला की करंट. तो करंट ज्या ट्रान्झिस्टरमधून जातो त्याचं व्होल्टेज करंटच्या लॉगरिदमप्रमाणं वाढतं, म्हणजे उजेड दुप्पट झाला की आउटपुट ठरावीक एवढंच सरकणार, मग ती संध्याकाळ असो नाहीतर भर दुपारचं ऊन. दुसरा भाग, हे दोन कपॅसिटर, म्हणजे चार्ज साठवणारे पार्ट, एक मोठा एक लहान, 20 ला 1. पिक्सेल मागच्या वेळी बोलला तेव्हा उजेड किती होता आणि आता किती आहे यातला फरक हा भाग वीसपट करून पुढे देतो. तिसऱ्या भागात दोन कंपॅरेटर, म्हणजे तुलना करणारी सर्किटं. फरक वरच्या रेषेपलीकडे गेला की ‘वाढला’, खालच्या रेषेखाली गेला की ‘घटला’. आणि बोलून झालं रे झालं की हा स्विच... मॅडमनी गोल केलाय तो... हा स्विच लहान कपॅसिटर शॉर्ट करतो, हिशोब परत शून्यावर.

बस. 26 ट्रान्झिस्टर आणि 3 कपॅसिटर, एका पिक्सेलमधे. सॉफ्टवेअरमधे हेच करायचं तर दोन फ्रेम घ्या, दोन्हीचा लॉग काढा, वजा करा, थ्रेशोल्ड लावा, म्हणजे फरक ठरलेल्या रेषेपलीकडे गेला का ते बघा, आणि 1280 बाय 720 ची फ्रेम सेकंदाला 30 वेळा धरली तर जवळपास 2 कोटी 76 लाख पिक्सेलवर हे चालवा, भले समोरची भिंत जागची हलो न हलो. इथे अल्गोरिदम चिपवर चालत नाही, ते सर्किट म्हणजेच अल्गोरिदम आहे.

[कॅल्टेकचे जुने फोटो]

आता जरा मागे जाऊ. गोष्ट कॅलिफोर्नियातल्या पॅसाडेनाची, कॅल्टेकची. तिथे कार्व्हर मीड नावाचे प्रोफेसर. चिपवर हजारो ट्रान्झिस्टर कसे मांडायचे हे ज्यांनी लिन कॉनवेबरोबर 1980 मधे पुस्तक लिहून जगभरच्या विद्यार्थ्यांना शिकवलं, तेच मीड. म्हणजे डिजिटल चिप डिझाइनचा पाया घालणाऱ्यांपैकी एक. आणि हाच माणूस उलटा फिरला आणि ॲनलॉगकडे गेला.

का गेला, त्याचं मूळ 1960 च्या दशकाच्या शेवटी आहे. कॅल्टेकमधेच मॅक्स डेलब्रुक होते, मूळचे फिजिक्सचे, नंतर बायोलॉजीत येऊन 1969 चं नोबेल मिळवलेले. त्यांच्यासोबत मीड नसांच्या पडद्यातून वीज कशी जाते ते बघत होते. व्होल्टेज थोडं वाढवलं की करंट पटीत वाढतो, एक्स्पोनेन्शियल. आणि मीडना हा आकार ओळखीचा होता. ट्रान्झिस्टर ‘चालू’ व्हायच्या आधी, थ्रेशोल्डच्या खाली, त्यातून जो बारीकसा करंट झिरपतो तो अगदी असाच वागतो. डिजिटलवाले त्याला लिकेज म्हणून शिव्या घालतात. मीड म्हणाले की आपण यातच काम करू.

[मिशा मॅहोवाल्ड यांचा फोटो]

या मिशा मॅहोवाल्ड. कॅल्टेकमधे बायोलॉजी शिकल्या आणि मीडच्या लॅबमधे आल्या. इलेक्ट्रॉनिक्सवाल्यांच्या खोलीत बायोलॉजीची मुलगी, आणि नशीब की तिला कुणी ‘आधी तुझा सिलॅबस पूर्ण कर’ असं सांगितलं नाही.

डोळ्याच्या पडद्यात, रेटिनात, उजेड टिपणाऱ्या साधारण 12 कोटी पेशी असतात आणि मेंदूकडे जाणारे तंतू जेमतेम 10 लाख. म्हणजे डोळा चित्र जसंच्या तसं पाठवत नाही, पाठवायच्या आधीच काटछाट करतो. मिशानं ती काटछाट सिलिकॉनमधे उतरवली. उजेड टिपणारी पेशी म्हणजे लॉगरिदमवालं सर्किट. त्याच्या खाली रेझिस्टरचं षटकोनी जाळं, जे आजूबाजूच्या सगळ्यांची सरासरी काढतं, डोळ्यातल्या आडव्या पेशी काढतात तशी. आणि तिसरा थर फक्त फरक सांगतो, मी आणि माझे शेजारी यातला फरक. सपाट भिंतीवर फरक शून्य, कडेवर फरक मोठा. सरासरी काढायला लूप नाही की गुणाकार नाही, जाळ्यातून करंट वाहिला की सरासरी झालेली असते, फिजिक्सच ती काढून देतं.

चिप बनवायला त्यांच्याकडे स्वतःची फॅक्टरी नव्हती. अमेरिकेत 1981 पासून मोसिस नावाची सोय होती, एकाच वेफरवर, म्हणजे सिलिकॉनच्या चकतीवर, अनेक कॉलेजांची डिझाइनं शेजारी शेजारी छापायची आणि खर्च वाटून घ्यायचा, शेअर रिक्षासारखं. फाइल पाठवायची आणि काही महिने वाट बघायची. ही सोय नसती तर एका पीएचडीच्या मुलीला असले वेडे प्रयोग कुणी करू दिले असते... असो.

[मासिकाचं मुखपृष्ठ]

48 बाय 48 पिक्सेलची सिलिकॉन रेटिना. मे 1991 च्या सायंटिफिक अमेरिकनमधे मिशा आणि मीड यांचा लेख आला, मुखपृष्ठावर या चिपला दिसलेलं मांजर.

मिशा पुढे झ्युरिकला गेल्या. डिसेंबर 1996 मधे त्या वारल्या, वय 33.

[चिपचा मोठा केलेला फोटो]

सिलिकॉन रेटिनाचं एक दुखणं होतं. कागदावर सारखे काढलेले ट्रान्झिस्टर छापून आले की सारखे नसतात. थ्रेशोल्डच्या खाली काम करायचं म्हटल्यावर तर तो फरकही पटीत वाढतो. मग कोऱ्या भिंतीकडे बघताना पण चित्रात दाणे दिसणार, प्रत्येक पिक्सेलचा आपला कल वेगळा. यामुळं ही चिप बरीच वर्षं डेमोपुरतीच राहिली.

यावरचा चांगला तोडगा झ्युरिकला निघाला, झ्युरिक विद्यापीठ आणि तिथलंच ईटीएच हे तंत्रविद्यापीठ यांच्या मिळून चाललेल्या न्यूरोइन्फॉर्मेटिक्स संस्थेत. पॅट्रिक लिख्टस्टायनर, व्हिएन्नाहून साथ देणारे क्रिस्टोफ पॉश आणि टोबी डेलब्रुक. हो, तोच डेलब्रुक, मॅक्स यांचा मुलगा, आणि मीडचाच विद्यार्थी.

मघाचा बोर्डवरचा गोल आठवा. तो स्विच. पिक्सेलचा मुळात कल काही का असेना, प्रत्येक वेळी बोलून झाल्यावर हिशोब शून्यावर आणला की तो कल वजाबाकीत उडून जातो. आणि फरक किती पट करायचा हे ठरतं कपॅसिटरच्या आकारांच्या गुणोत्तरावर, ट्रान्झिस्टरवर नाही, आणि कपॅसिटर छापताना एकमेकांशी बऱ्यापैकी जुळतात. म्हणजे बेभरवशाच्या पार्टवर अवलंबूनच राहायचं नाही. मॅडमनी हा भाग आम्हाला दोनदा सांगितला, दोन्ही वेळा तेवढ्याच उत्साहात, आणि कॅमेरामननं दोन्ही वेळा शूट केला.

2008 ला पेपर आला. 128 बाय 128 पिक्सेल, 23 मिलिवॅट, उजेड बदलल्यापासून 15 मायक्रोसेकंदात निरोप बाहेर, आणि 120 डेसिबलची रेंज, म्हणजे सगळ्यात अंधारा आणि सगळ्यात झगझगीत यात दहा लाखपट फरक असला तरी चालतंय. किंमत मोजली ती जागेत. 40 बाय 40 मायक्रॉनचा पिक्सेल, त्यातली फक्त 8.1 टक्के जागा उजेड टिपते, बाकी सगळी सर्किटनं खाल्ली.

आणि 16,384 पिक्सेलना तेवढ्या वायरी कशा लावणार? लावत नाहीत. ही युक्तीपण मिशाच्या काळातली, कॅल्टेकचीच. सगळ्यांना मिळून एकच बस, म्हणजे वायरींचा एकच सामायिक जुडगा, ज्याला बोलायचंय त्यानं त्यावर आपला पत्ता टाकायचा. रांगेचे 7 बिट, स्तंभाचे 7, आणि वाढला की घटला याचा 1. एकूण 15 बिट. दोघं एकदम बोलले तर मधला आर्बिटर एकाला थांबवतो. वेळ पाठवायचीच नाही, पत्ता ज्या क्षणी आला तीच वेळ.

[लॅबमधला लॅपटॉप. फिल्टर बंद, मग चालू.]

आता अल्गोरिदमची बाजू. अंधार केला की बघा, काही हलत नसताना पण ठिपके उडतायत. तो नॉइज. हा काढायचा फिल्टर गंमतशीर साधा आहे. एखादा ठिपका आला की त्याची वेळ त्याच्या आठ शेजाऱ्यांच्या खात्यात लिहून ठेवायची. पुढचा ठिपका आला की त्यानं आपलं खातं बघायचं, एवढ्यात कुणी शेजारी काही बोलून गेलाय का. गेला असेल तर खरा, नाहीतर फेकून द्या. खरी कड एकटी कधी सरकत नाही. क्लिक केलं, आणि... गेले सगळे.

[रोबो गोलकीपर]

आणि हा झ्युरिकचा गोलकीपर. बॉल येतो, प्रत्येक ठिपका त्या बॉलच्या अंदाजाला आपल्याकडे जरासा ओढतो, असं करत करत बॉल कुठे जाणार ते कळतं आणि हात तिथे जातो. 3 मिलिसेकंद. साध्या कॉम्प्युटरच्या प्रोसेसरवर 4 टक्के लोड. परत एकदा दाखवतो, हळू करून. फ्रेमवाल्या कॅमेऱ्याचा अजून दुसरा फोटो पण आलेला नसतो.

यानंतर बरंच झालं, 2020 मधे सोनी आणि पॅरिसच्या प्रोफेसी कंपनीनं मिळून 1280 बाय 720 चा सेन्सर दाखवला, त्याचा पिक्सेल 4.86 मायक्रॉनवर आला, त्याच वर्षी झ्युरिकच्या ड्रोननं अंगावर फेकलेला बॉल चुकवला, बंगळुरूच्या आयआयएससीत असल्याच कॅमेऱ्यानं मायक्रोस्कोपखाली 50 नॅनोमीटरहून लहान कण हुडकले, आणि हो, अंधारात माणसांवर पाळत ठेवायलाही हा चालतोच.

फक्त एक गोष्ट खटकते. आजची बहुतेक न्यूरल नेटवर्क फोटोच मागतात. मग लोक काय करतात, पाचपंचवीस मिलिसेकंदांचे ठिपके गोळा करतात, त्याची एक फ्रेम बनवतात आणि ती नेटवर्कला देतात. एवढा खटाटोप करून शेवटी परत फोटोच! अल्गोरिदमवाले आणि सर्किटवाले वेगवेगळ्या मजल्यावर बसले की असंच होणार.

[बोर्डसमोर दोन विद्यार्थी]

इथे निदान एका बोर्डसमोर भांडतायत. त्याला तो नॉइजचा फिल्टर पिक्सेलच्या आतच बसवायचाय, म्हणजे खोटे ठिपके बसवर येणारच नाहीत आणि पॉवर वाचेल. तिचं म्हणणं, त्यासाठी अजून एक कपॅसिटर लागणार, त्यापेक्षा बाहेर एफपीजीएवर, म्हणजे हवं तसं सर्किट जुळवता येणाऱ्या वेगळ्या चिपवर टाक. त्यानं आकडे लिहिले, तिनं खोडले. मॅडम मधे पडत नाहीयेत. तिनं त्याच्याच डायग्राममधला फोटोडायोडचा चौकोन मार्करनं अर्धा केला आणि विचारलं, ‘मग उजेड कशानं टिपणार?’