विमा बदलताना संरक्षणात खंड पडू नये म्हणून

आजचा विषय तसा एका वाक्यात संपण्यासारखा आहे: नवी पॉलिसी सुरू झाल्याखेरीज जुनी बंद करू नका. हे वाक्य मोटार विम्याला पुरते आणि आयुर्विम्यालाही बऱ्याच अंशी पुरते. आरोग्य विम्याला मात्र ते पुरत नाही, कारण तिथे दोन पॉलिसींच्या तारखा एकमेकींना तंतोतंत लागून असल्या, तरीही संरक्षणात तीन वर्षांचा खंड पडू शकतो. म्हणून माझा बराचसा वेळ मी आरोग्य विम्यालाच देणार आहे; बाकीच्या दोघांविषयी शेवटी थोडक्यात बोलेन.

आधी कायद्याची एक बाजू लक्षात घेऊ. १९३८ च्या विमा कायद्यातील कलम ६४ व्हीबी असे सांगते, की हप्त्याची रक्कम आगाऊ हाती आल्याखेरीज विमा कंपनीने जोखीम स्वीकारायची नाही. प्रस्ताव अर्ज भरला, वैद्यकीय तपासणी झाली, एजंटने ‘काम झाले’ असे फोनवर सांगितले, यांपैकी कशानेही संरक्षण सुरू होत नाही. हप्ता जमा व्हावा लागतो, कंपनीने प्रस्ताव स्वीकारावा लागतो, आणि जोखीम कोणत्या दिवशी, किती वाजता सुरू झाली हे पॉलिसीवर छापलेले असते. जुनी पॉलिसी रद्द करण्याचा विचार तो छापील कागद किंवा त्याची पीडीएफ हाती आल्यावरच करावा.

आता आरोग्य विमा. समजा, एका गृहस्थांना मधुमेह आहे आणि त्यांनी १ एप्रिल २०२२ रोजी पॉलिसी घेतली. आधीपासूनच्या आजारांसाठी तिचा प्रतीक्षा काळ, म्हणजे त्या आजारांवर दावा करता येत नाही असा काळ, ३६ महिन्यांचा होता आणि तो ३१ मार्च २०२५ ला संपला. त्यानंतर मधुमेहातून उद्भवणाऱ्या मूत्रपिंडाच्या किंवा पायाच्या उपचारांचा खर्च कंपनीने द्यायचा, असा हक्क त्यांनी तीन वर्षे हप्ते भरून मिळवला. पुढे हप्ता वाढला म्हणून ते नाराज झाले, दुसऱ्या कंपनीची स्वस्त पॉलिसी त्यांनी नव्याने विकत घेतली, आणि ती सुरू झाल्याच्या दुसऱ्याच दिवशी जुनी रद्द केली. तारखांच्या हिशेबात एका दिवसाचाही खंड नाही. तरीही आधीपासूनच्या आजारांचा प्रतीक्षा काळ पुन्हा पहिल्या दिवसापासून मोजला जाणार. मोतीबिंदू, हर्निया, गुडघ्याचा सांधा बदलणे अशा ठरावीक उपचारांचा वेगळा प्रतीक्षा काळही पुन्हा सुरू होणार, आणि अपघात वगळता कोणत्याही आजारासाठी पहिले ३० दिवस दावा करता येणार नाही. १ एप्रिल २०२४ पासून विमा नियामकाने (आयआरडीएआय) प्रतीक्षा काळाची कमाल मर्यादा ४८ वरून ३६ महिन्यांवर आणली, हे खरे. पण नव्याने मोजायला लागल्यावर ३६ महिनेही थोडे नाहीत, विशेषतः साठी ओलांडलेल्या माणसाला.

आणखी एक गोष्ट अशा वेळी हातची जाते. सलग ६० महिने पॉलिसी चालू राहिली, की त्यानंतर ‘तुम्ही अमुक आजार सांगितला नव्हता’ या कारणावरून कंपनीला दावा नाकारता येत नाही. अपवाद सिद्ध झालेल्या फसवणुकीचा. पूर्वी ही मुदत आठ वर्षांची होती. नवी पॉलिसी नव्याने घेतली की हाही काळ शून्यावर येतो.

यावर उपाय आहे, आणि तो १ ऑक्टोबर २०११ पासून उपलब्ध आहे: पॉलिसी पोर्ट करणे. पोर्ट करताना तुम्ही जुनी पॉलिसी रद्द करत नाही. ती मुदत संपेपर्यंत चालू ठेवता आणि नूतनीकरणाच्या वेळी दुसऱ्या कंपनीकडे जाता. जुन्या पॉलिसीत काढलेला प्रतीक्षा काळ आणि ६० महिन्यांच्या मुदतीपैकी भरलेला भाग, दोन्ही नव्या कंपनीला हिशेबात धरावे लागतात. मात्र हा लाभ जुन्या विमा रकमेपुरताच मिळतो. पाच लाखांची पॉलिसी पोर्ट करून दहा लाखांची घेतली, तर वरच्या पाच लाखांसाठी प्रतीक्षा काळ नव्याने लागतो. दावा न केल्याबद्दल साठलेल्या बोनसची रक्कम जुन्या विमा रकमेत धरली आहे की नाही, हे नव्या कंपनीकडून लेखी विचारून घ्यावे.

पोर्ट करण्यातली अडचण अशी, की नवी कंपनी नकार देऊ शकते. तुमचे वय, आजार आणि मागचे दावे पाहून निर्णय घेण्याचा अधिकार तिला आहे. म्हणून वेळेला महत्त्व येते. नियामकाच्या २०२४ च्या परिपत्रकाप्रमाणे नव्या कंपनीने मागितलेली माहिती जुन्या कंपनीने ७२ तासांत द्यायची आणि ती मिळाल्यावर नव्या कंपनीने ५ दिवसांत निर्णय कळवायचा, अशी व्यवस्था आहे. तरीही नूतनीकरणाच्या किमान ४५ दिवस आधी अर्ज करण्याची जुन्या नियमांतली मुदत पाळणेच शहाणपणाचे, कारण नकार आला तर तिसरीकडे विचारायला किंवा आहे तीच पॉलिसी निमूटपणे पुढे चालवायला वेळ हाताशी हवा. शेवटच्या आठवड्यात आलेला नकार माणसाला घाईत चुकीची सही करायला लावतो. अर्जात आजार लपवू नयेत, हेही इथेच सांगतो. जुन्या कंपनीकडचा दाव्यांचा इतिहास नव्या कंपनीला दिसतोच.

२०२४ मध्ये आणखी एक नियम आला आणि तो ग्राहकाच्या बाजूचा आहे. सात दिवसांची लेखी सूचना देऊन आरोग्य विमा केव्हाही रद्द करता येतो, आणि वर्षभराच्या पॉलिसीत त्या मुदतीत दावा केलेला नसेल, तर उरलेल्या काळाचा हप्ता त्या प्रमाणात परत मिळतो. वर्षाचा हप्ता २४,००० रुपये असेल आणि सहा महिने उरले असतील, तर सुमारे १२,००० रुपये परत येतात. पूर्वीच्या कोष्टकाप्रमाणे कंपनी याहून बराच मोठा भाग ठेवून घेत असे. नियम चांगला आहे, पण माझ्या मते याच सोयीमुळे लोक मुदतीच्या अधेमधे पॉलिसी सोडायला उद्युक्त होतील, आणि मध्येच सोडलेल्या पॉलिसीला पोर्ट करण्याचा लाभ नाही. बारा हजारांसाठी तीन वर्षांची कमाई देण्याचा हा व्यवहार आहे. आजार नसलेल्या, नुकतीच पॉलिसी घेतलेल्या पंचविशीतल्या तरुणाचे त्यात फारसे बिघडणार नाही. त्याच्या आईवडिलांचे बिघडेल.

आपल्या घरांतून एक गैरसमज फार पक्का बसलेला आहे, आणि तो एलआयसीच्या हप्त्यांमुळे आला असावा. आयुर्विम्यात हप्त्याची तारीख टळली तरी सवलतीचे दिवस मिळतात: मासिक हप्त्याला १५, इतरांना ३०. त्या दिवसांत विमाधारकाचे निधन झाले, तर थकलेला हप्ता वजा करून विम्याची रक्कम मिळते. आरोग्य विम्यातही वार्षिक नूतनीकरणाला ३० दिवसांची सवलत आहे, म्हणून लोक निर्धास्त राहतात. ती सवलत वेगळ्या प्रकारची आहे. ३१ मार्चला पॉलिसी संपली, १० एप्रिलला हृदयविकाराचा झटका येऊन रुग्णालयात दाखल व्हावे लागले आणि १५ एप्रिलला हप्ता भरला, तर पॉलिसीची सलगता टिकते, प्रतीक्षा काळही वाया जात नाही. परंतु १० तारखेच्या त्या आजारपणाचा खर्च मिळत नाही, कारण त्या दिवशी हप्ता भरलेला नव्हता. मासिक किंवा तिमाही हप्ते भरणाऱ्यांना मुदतीच्या आतील सवलतीच्या दिवसांतही संरक्षण मिळते. वर्षाचा हप्ता एकदम भरणाऱ्यांनी मात्र या ३० दिवसांवर विसंबू नये.

नोकरी बदलणाऱ्यांसाठी दोन शब्द. कंपनीचा समूह विमा सहसा नोकरीच्या शेवटच्या दिवशी संपतो, आणि दुसऱ्या नोकरीत रुजू होईपर्यंत पत्नी, मुले, आईवडील सगळेच उघडे पडतात. समूह विम्यातून त्याच विमा कंपनीच्या वैयक्तिक पॉलिसीत जाण्याची मुभा असते आणि समूहात काढलेला काळ मोजला जातो. राजीनामा देण्याआधीच मनुष्यबळ विभागाकडे त्याची चौकशी करावी. नंतर तो विभाग ओळख दाखवतोच असे नाही.

आयुर्विम्यात पोर्ट करण्याची सोयच नाही. स्वस्त टर्म पॉलिसी (ठरावीक मुदतीत मृत्यू आला तरच रक्कम देणारी) मिळते म्हणून जुनी सोडायची असेल, तर काही काळ दोन्ही हप्ते भरायची तयारी ठेवावी. नवी पॉलिसी हाती आल्यापासून ३० दिवसांत ती वाचून परत करता येते. तिच्यातल्या अटी पटल्याखेरीज जुनीला हात लावू नये. विमा कायद्याच्या कलम ४५ प्रमाणे तीन वर्षांनंतर पॉलिसीवर कोणत्याही कारणाने आक्षेप घेता येत नाही, आणि नव्या पॉलिसीत ही तीन वर्षे पुन्हा सुरू होतात. माहिती प्रामाणिकपणे दिलेली असेल तर त्याची भीती नको. जुन्या टर्म पॉलिसीला समर्पण मूल्य, म्हणजे ती सोडल्यास परत मिळणारी रक्कम, नसते. पुढचा हप्ता न भरणे एवढेच करायचे आणि बँकेला दिलेला स्वयंचलित कपातीचा आदेश रद्द करायचा. हा आदेश आधी रद्द करून मग नवी पॉलिसी शोधायला निघणारे लोकही आहेत.

वाहनाचे प्रकरण सोपे आहे, पण कायदा कडक आहे. मोटार वाहन कायद्याच्या कलम १४६ प्रमाणे तृतीय पक्ष विम्याशिवाय (अपघातात दुसऱ्याच्या नुकसानीची भरपाई करणाऱ्या) गाडी रस्त्यावर आणता येत नाही. पहिल्या गुन्ह्याला २,००० रुपये दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन्ही. दुसऱ्या कंपनीचा विमा घेतल्याचा पुरावा दाखवल्यावरच कंपनी चालू पॉलिसी रद्द करते, त्यामुळे इथे खंड पडतो तो रद्द करताना नाही, नूतनीकरण विसरल्याने. मुदत संपून ९० दिवस झाले की दावा न केल्याची हप्त्यातली सवलत, जी वाढत ५० टक्क्यांपर्यंत जाते, ती जाते. ही सवलत गाडीची नसून मालकाची असते. गाडी विकताना या सवलतीचे प्रमाणपत्र मागून घ्यावे. विकलेल्या गाडीची पॉलिसी मात्र नोंदणी पुस्तकात नव्या मालकाचे नाव चढल्याशिवाय रद्द करू नये. तोवर अपघात झाला, तर भरपाईसाठी न्यायाधिकरण नोंदीत ज्याचे नाव आहे त्याच्याकडे पाहते, आणि तुमचा विमा तर तुम्हीच बंद केलेला असतो.

रद्द करण्याचे पत्र ईमेलने पाठवावे, त्यात कोणत्या तारखेपासून हे स्पष्ट लिहावे आणि कंपनीचे उत्तर जपून ठेवावे. परतावा अडला किंवा पोर्ट करताना मागचा काळ धरला नाही, तर आधी कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याकडे जावे. महिन्याभरात समाधान झाले नाही, तर विमा लोकपालांकडे विनाशुल्क तक्रार करता येते. महाराष्ट्रात त्यांची कार्यालये मुंबईला, ठाण्याला आणि पुण्याला आहेत. कंपनीने नकार कळवल्यापासून एक वर्षाच्या आत ही तक्रार दाखल व्हावी लागते.