९ नोव्हेंबर: योगायोग किती, साखळी किती

मंडळी, शाळेच्या फळ्यावरचा दिनविशेष आपण सगळ्यांनीच वाचलेला आहे. एका तारखेखाली चार ओळी, चार वेगळ्या सालांच्या, आणि एकीचा दुसरीशी काही संबंध नाही. आज मी जी तारीख घेऊन आलो आहे, ती तशी नाही. ९ नोव्हेंबर. जर्मनीत तिला नियतीचा दिवस म्हणतात. मला ते पटत नाही. या तारखेच्या घटना नियतीने कमी आणि माणसांनी जास्त एकमेकींना जोडल्या आहेत.

सुरुवात १९१८ पासून करू. जर्मनी पहिलं महायुद्ध हरत आला होता. कील बंदरातल्या नौसैनिकांनी बंड केलं आणि ते लोण आठवडाभरात बर्लिनला पोचलं. ९ तारखेला चॅन्सेलर प्रिन्स माक्स यांनी कैसरने, म्हणजे जर्मन सम्राटाने, गादी सोडल्याचं परस्पर जाहीर करून टाकलं. कैसर तेव्हा बेल्जियममध्ये स्पा इथल्या लष्करी मुख्यालयात होता, त्याचा निर्णय अजून झालाच नव्हता. दुपारी दोनच्या सुमाराला फिलिप शायडेमान यांनी राइशस्टागमधून, म्हणजे संसदेच्या इमारतीतून, प्रजासत्ताकाची घोषणा केली. दोनेक तासांनी कार्ल लीबक्नेख्ट यांनी राजवाड्यापाशी वेगळ्याच, समाजवादी प्रजासत्ताकाची घोषणा केली. ११ तारखेला युद्धबंदी झाली. पराभव सेनापतींचा होता, पण उजव्या गटांनी खापर फोडलं ते या नव्या सरकारवर. ‘नोव्हेंबरचे गुन्हेगार’ ही शिवी तेव्हापासूनची.

हिटलरचं राजकारण त्या शिवीवर पोसलं. १९२३ च्या ८ नोव्हेंबरला रात्री म्युनिकच्या एका बिअर हॉलमध्ये बव्हेरियाच्या सत्ताधाऱ्यांची सभा चालू होती. तिथे तो पिस्तूल घेऊन घुसला आणि दुसऱ्या दिवशी मोर्चा घेऊन शहरात निघाला. फेल्डहेर्नहाले या स्मारकापाशी पोलिसांनी गोळ्या झाडल्या. चार पोलीस मेले आणि नाझींनी आपले म्हणून मोजलेले सोळाजण. बंड फसलं. पण १९३३ ला सत्ता हातात येताच हिटलरने त्या फसलेल्या बंडाचा उत्सव केला. दर वर्षी ८ ला संध्याकाळी त्याच हॉलमध्ये भाषण, ९ ला मृतांना मानवंदना. पक्षाचे देशभरातले पुढारी त्या दिवशी म्युनिकमध्ये हजर असत.

ही हजेरी लक्षात ठेवा, कारण पुढचं सगळं तिच्यामुळे घडलं.

१९३८ च्या ऑक्टोबरअखेरीस जर्मनीने सुमारे १७,००० पोलिश ज्यूंना उचलून सीमेवर नेऊन सोडलं. त्यात हेर्शेल ग्रिन्श्पान या सतरा वर्षांच्या मुलाचे आईवडील होते. मुलगा पॅरिसमध्ये होता. ७ नोव्हेंबरला त्याने तिथल्या जर्मन वकिलातीत एर्न्स्ट फॉम राट या अधिकाऱ्यावर गोळ्या झाडल्या. फॉम राट मेला ९ तारखेला, नेमका उत्सवाच्या दिवशी. म्युनिकच्या जुन्या टाउन हॉलमध्ये पुढारी जेवायला जमले होते. तिथेच प्रचारमंत्री गोबेल्सचं चिथावणीचं भाषण झालं, आणि पुढाऱ्यांनी तिथूनच आपापल्या भागात फोन लावले. सगळे एका छताखाली होते म्हणून एका रात्रीत पूर्ण देश पेटवता आला. चौदाशेच्या आसपास सिनेगॉग, म्हणजे ज्यूंची प्रार्थनास्थळं, जाळली किंवा फोडली गेली. शेजारच्या इमारती सांभाळा, सिनेगॉग जळू द्या, असे हुकूम अग्निशामक दलाला होते. सुमारे ३०,००० ज्यू पुरुषांना दाखाऊ, बुखेनवाल्ड, झाक्सेनहाउझेन या छावण्यांत डांबलं. वर नुकसानीची जबाबदारी ज्यूंचीच ठरवून त्यांच्यावर एक अब्ज मार्कांचा दंड बसवला! हे वाचताना आजही माझ्या अंगावर काटा येतो.

त्या उत्सवाचा नेम आणखी एकाने हेरला होता. गेओर्ग एल्झर, साधा सुतार. हिटलर ८ नोव्हेंबरला कुठे उभा राहणार हे आधीपासून ठाऊक असल्यामुळे १९३९ मध्ये त्याने रात्रीमागून रात्री त्या हॉलमध्ये लपून व्यासपीठामागचा खांब पोखरला आणि आत बॉम्ब ठेवला. धुक्यामुळे विमानाऐवजी आगगाडीने जायचं म्हणून हिटलर लवकर निघाला. तेरा मिनिटांनी स्फोट झाला, आठजण मेले. एल्झरला एप्रिल १९४५ मध्ये दाखाऊत ठार मारलं. आपल्याकडे हे नाव फार थोड्यांना माहीत आहे. ते माहीत व्हावं, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

१९८९ साली याच तारखेला बर्लिनची भिंत उघडली, तो मात्र निव्वळ योगायोग. पूर्व बर्लिनमध्ये प्रवासाचे नवे नियम दुसऱ्या दिवशी लागू व्हायचे होते. ते जाहीर करणारे सत्ताधारी पक्षाचे प्रवक्ते ग्युंटर शाबोव्स्की यांना ते नीट सांगितलेच गेले नव्हते. पत्रकारांनी विचारलं, कधीपासून? ते म्हणाले, ताबडतोब. लोक भिंतीवरच्या नाक्यांवर लोटले. बोर्नहोल्मर रस्त्यावर हाराल्ड येगर या अधिकाऱ्याने वरून स्पष्ट हुकूम येईना, तेव्हा रात्री साडेअकराच्या सुमाराला स्वतःच फाटक उघडायला लावलं.

पुढच्या वर्षी राष्ट्रीय दिवस ठरवायची वेळ आली. भिंत पडली तो दिवस सहज सुचण्यासारखा होता, पण १९३८ च्या रात्रीवर फटाके कसे उडवायचे? जर्मनांनी ३ ऑक्टोबर, पूर्व आणि पश्चिम जर्मनीचं एकीकरण अमलात आलं ती तारीख घेतली. मला तो निर्णय योग्य वाटतो. ९ नोव्हेंबरला तिथे सुट्टी नसते.