रिकामी झालेली एक जागा

श्रोतेहो, इंग्लंडचा फुटबॉलपटू मार्कस रॅशफर्ड हे नाव इथे बसलेल्या बहुतेकांना ठाऊक आहे. मला आज त्याच्या एकूण कारकिर्दीबद्दल बोलायचं नाही. तिच्यातले चढउतार, मँचेस्टर युनायटेड या त्याच्या क्लबकडून त्याचं उसनवारीवर ॲस्टन व्हिलाला आणि मग बार्सिलोनाला जाणं, हे सगळं तुम्ही वाचलेलं आहे. मला बोलायचंय ते वयाच्या सातव्या वर्षापासून अठराव्या वर्षापर्यंत काय घडलं, आणि एका गुरुवारी रात्री तो मैदानात कसा उतरला, याबद्दल.

तो दिवस २५ फेब्रुवारी २०१६. युनायटेडच्या घरच्या मैदानावर, ओल्ड ट्रॅफर्डवर, युरोपा लीग या युरोपीय क्लबांच्या स्पर्धेतला सामना, समोर डेन्मार्कचा मिट्युलँड. आठवडाभर आधी डेन्मार्कमध्ये युनायटेड १-२ असा हरून आलेला. प्रशिक्षक लुई व्हॅन गाल यांच्यावर चौफेर टीका चाललेली. आता आघाडीला कोण होतं ते पाहा. वेन रूनीच्या गुडघ्याला सुमारे दोन आठवड्यांपूर्वी संडरलँडविरुद्ध दुखापत झाली होती. अकादमीतूनच वर आलेल्या जेम्स विल्सनला ब्रायटनकडे उसनवारीवर पाठवलेलं. विल कीन हा दुसरा अकादमीचा आघाडीपटू, तो तीनच दिवसांपूर्वी श्रूजबरीविरुद्ध बदली म्हणून उतरला आणि दुखापत घेऊन बाहेर आला. उरला अँथनी मार्सियाल. तो संघात होता, त्याचं नाव यादीत होतं, आणि सामन्याआधी अंग गरम करताना त्याच्या मांडीचा स्नायू दुखावला. ऐनवेळी यादी बदलली. ३९ क्रमांकाचा शर्ट घातलेला अठरा वर्षांचा एक मुलगा पहिल्या अकरांत आला.

चौघांच्या वाटा एकामागून एक बंद झाल्या तेव्हा ही वाट उघडली. आपण याला नशीब म्हणून मोकळे होतो. नशीब होतंच, ते नाकारण्यात अर्थ नाही. पण त्या रात्री जागा रिकामी झाली तेव्हा तिथे बसायला कुणीतरी तयार होतं, आणि तो तयार व्हावा म्हणून अकरा वर्षं किती माणसं राबली होती, हे सांगितल्याशिवाय गोष्ट अर्धीच राहते. आदल्या नोव्हेंबरमध्ये वॉटफर्डविरुद्ध त्याला राखीव खेळाडूंत घेतलं होतं. त्या दिवशी तो नव्वद मिनिटं बाकावर बसून घरी गेला. असे कितीतरी मुलगे बाकावर बसून घरी जातात आणि पुन्हा त्यांना बोलावणं येत नाही.

सुरुवात घरापासून करू. दक्षिण मँचेस्टरमधला विदनशॉ हा भाग म्हणजे सरकारी घरांची अवाढव्य वसाहत, कामगारांची वस्ती. रॅशफर्डची आई मेलनी यांनी पाच मुलं एकटीने वाढवली. पूर्णवेळ नोकरी, तीही किमान वेतनावर, आणि तरी महिनाअखेरीस ताटात काय वाढायचं हा प्रश्न उभाच. मुलगा फ्लेचर मॉस रेंजर्स नावाच्या वस्तीतल्या क्लबात खेळायला लागला. हा क्लब छोटा, पण वेस ब्राउन आणि डॅनी वेलबेक हे त्याच मैदानातून पुढे गेले. तिथे युनायटेडची नजर त्याच्यावर पडली आणि सातव्या वर्षी तो क्लबच्या अकादमीत आला.

आता मला ज्या गोष्टीवर थोडं थांबायचंय ती इथे येते. युनायटेडची एक योजना आहे. निवडक मुलांनी क्लबने ठरवलेल्या कुटुंबाकडे राहायचं, तिथून शाळेत जायचं, तिथूनच सरावाला. शाळा ॲश्टन-ऑन-मर्सीची. योजना होती बारा वर्षांपुढच्या मुलांसाठी. रॅशफर्ड अकराव्या वर्षीच गेला, कारण आईने त्यासाठी धडपड केली. का केली? मुलगा लवकर मोठा खेळाडू व्हावा म्हणून? तिथे त्याला वेळेवर, पोटभर आणि खेळाडूला लागतं तसं जेवण मिळणार होतं म्हणून. घरी ते देणं शक्य नव्हतं. अकरा वर्षांच्या पोराला परक्या घरात पाठवताना त्या माउलीला काय वाटलं असेल, याची कल्पना इथल्या प्रत्येक आईला करता येईल.

हे आपल्याला कळलं ते त्यानेच सांगितलं म्हणून. जून २०२० मध्ये, कोविडच्या काळात, त्याने ब्रिटिश खासदारांना जाहीर पत्र लिहिलं. शाळेतला सकाळचा नाश्ता, शाळेतलं मोफत जेवण, शेजारपाजाऱ्यांनी आणि प्रशिक्षकांनी दिलेले घास, नाताळचं जेवण आणायला धर्मादाय केंद्रावर जाणं, हे सगळं त्यात त्याने न लाजता लिहिलं. मागणी एकच होती, उन्हाळ्याच्या सुट्टीतही गरीब मुलांच्या जेवणाची सोय सुरू ठेवा. सरकारने आधी नकार दिला होता. पत्रानंतर दुसऱ्याच दिवशी निर्णय फिरवला, आणि इंग्लंडमधल्या सुमारे १३ लाख मुलांना त्या सुट्टीत आठवड्याला १५ पौंडांची जेवणाची कुपनं मिळाली. तेव्हा तो बावीस वर्षांचा होता. त्याने केलेल्या कुठल्याही गोलापेक्षा मला हे मोठं वाटतं, आणि हे मी फुटबॉलवर जीव असलेला माणूस म्हणून सांगतोय.

पुन्हा मैदानावर येऊ. अकादमीत शिकवतात म्हणजे नेमकं काय करतात? या शतकाच्या सुरुवातीला युनायटेडने नऊ वर्षांखालच्या मुलांसाठी एक प्रयोग केला. आठ-आठ जणांच्या सामन्यांऐवजी चार-चार जणांचे छोटे सामने. मैदान लहान, मुलं कमी, त्यामुळे चेंडू सारखा पायाशी. आठ जणांत एखादा बुजरा मुलगा दहा मिनिटं चेंडूला न शिवता राहू शकतो, चौघांत लपायला जागाच नसते. समोरच्याला चकवण्याचे प्रसंग वाढतात, गोलवर फटके वाढतात. मुख्य म्हणजे प्रशिक्षकांनी आणि पालकांनी कडेला उभं राहून ओरडायचं नाही. 'पास दे, पास दे' असा गलका नाही. मुलाने स्वतः पाहावं, ठरवावं, चुकावं. रॅशफर्डची पिढी या वातावरणात वाढली. बचावपटू अंगावर आला की थांबून, खांद्याने झुकांडी देऊन निसटायची त्याची जी लकब आहे, ती एवढ्याशा जागेत हजारो वेळा करून आलेली आहे. आपल्याकडे शालेय सामन्यांत कडेने जो आरडाओरडा चालतो तो आठवून पाहा.

वयोगटाची शिडी थोडक्यात सांगतो. नवव्या वर्षाखालच्या गटापासून नोंदणी होते. मधल्या टप्प्यांवर कुणाला ठेवायचं, कुणाला सोडायचं ते ठरतं. सोळाव्या वर्षी दोन वर्षांची शिष्यवृत्ती मिळते किंवा दार बंद होतं. सतरा पूर्ण झाली की व्यावसायिक करार करता येतो. २०१२ पासून अकादम्यांना चार श्रेणी आहेत आणि पहिल्या श्रेणीतल्या अकादमीचा खर्च कोट्यवधी रुपयांच्या घरात जातो.

पण शिडी सगळ्यांकडे आहे. शिडीच्या टोकाला दरवाजा उघडणारा माणूस लागतो. युनायटेडची यातली परंपरा विलक्षण आहे. ३० ऑक्टोबर १९३७ पासून आजपर्यंत या क्लबच्या प्रत्येक सामन्याच्या संघात अकादमीतून आलेला किमान एक तरी खेळाडू आहे. डिसेंबर २०१९ मध्ये अशा सामन्यांची संख्या ४००० झाली. याचं मूळ श्रीमंतीत नव्हतं, कंगालपणात होतं. १९३१ मध्ये क्लब दिवाळखोरीच्या काठावर असताना जेम्स गिब्सन यांनी तो वाचवला. खेळाडू विकत घ्यायला पैसे नव्हते, तेव्हा मँचेस्टरच्याच पोरांचा संघ उभा करायचा असं त्यांनी आणि सचिव वॉल्टर क्रिकमर यांनी ठरवलं. पुढे प्रशिक्षक मॅट बझ्बींची तरुण मुलं आली, ६ फेब्रुवारी १९५८ ला म्युनिकच्या विमान अपघातात त्यातले आठ खेळाडू गेले. क्रिकमरही त्याच अपघातात गेले. इतकं सोसूनही क्लबने तरुणांवरचा विश्वास सोडला नाही. कोल्हापूरकरांना हे वेगळं समजावून सांगायला नको. पाटाकडील असो, शिवाजी असो, खंडोबा वा दिलबहार असो, पेठेतला मुलगा तालमीच्या संघातून शाहू स्टेडियमवर पहिल्यांदा उतरतो तेव्हा गॅलरीतून येणारा आवाज निराळाच असतो.

आणि व्हॅन गाल. त्यांच्या कंटाळवाण्या खेळपद्धतीवर जी टीका झाली तिच्याशी मी बऱ्याच अंशी सहमत आहे. पण तरुणांच्या बाबतीत या माणसाची छाती मोठी. १९९५ च्या चॅम्पियन्स लीग अंतिम सामन्यात आयाक्ससाठी मिलानविरुद्ध विजयी गोल करणारा क्लायव्हर्ट अठरा वर्षांचा होता, त्याला उतरवणारे व्हॅन गालच. बार्सिलोनाच्या मुख्य संघात झावी आणि इनिएस्ता यांना पहिली संधी देणारेही तेच. नोकरी धोक्यात असलेला प्रशिक्षक सहसा एखाद्या अनुभवी मधल्या फळीच्या खेळाडूला पुढे ढकलून वेळ निभावतो. व्हॅन गाल यांनी पोराला उभं केलं.

त्या सामन्यात मिट्युलँडने पहिला गोल केला. म्हणजे दोन्ही सामने मिळून गुणफलक १-३. त्यांच्याच बोदुरोव्हच्या स्वयंगोलने त्या सामन्यापुरती बरोबरी झाली, मध्यंतराच्या तोंडावर युनायटेडच्या माटाची पेनल्टी गोलरक्षकाने अडवली. मैदानात कुजबुज सुरू. ६३ वं मिनिट. माटाने चेंडू मागे वळवला. बहुतेक बचावपटू गोलच्या दिशेने धावत सुटले होते, रॅशफर्ड मात्र एक पाऊल मागे थांबला होता. चेंडू त्याच्याकडे आला आणि त्याने न थांबवता, न घाई करता आत ढकलला. बारा मिनिटांनी व्हरेलाचा उजवीकडून क्रॉस, आणि दुसरा गोल. युरोपीय स्पर्धांत युनायटेडसाठी गोल करणारा सर्वांत तरुण खेळाडू हा विक्रम तोवर जॉर्ज बेस्टच्या नावावर होता. तो त्या रात्री मोडला. सामना ५-१.

त्या पहिल्या गोलमधलं ते थांबणं मला फार महत्त्वाचं वाटतं. वेग जन्मजात असतो. अठराव्या वर्षी, पहिल्याच सामन्यात, भरल्या मैदानात सगळे पुढे पळत असताना मागे थांबायचं सुचणं हे सरावातून येतं.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे म्हणून भरभर सांगतो. तीनच दिवसांनी प्रीमियर लीग या इंग्लंडच्या अव्वल लीगमधल्या पदार्पणात आर्सेनलविरुद्ध दोन गोल, एक पायाने, एक डोक्याने, शिवाय हेरेराच्या गोलला पास. २० मार्चला शहरातलाच प्रतिस्पर्धी मँचेस्टर सिटीच्या मैदानावर, दोघांच्या डर्बीतला एकमेव गोल. मे महिन्यात एफए कप. २७ मे रोजी इंग्लंडकडून ऑस्ट्रेलियाविरुद्ध पदार्पण आणि तिसऱ्याच मिनिटाला गोल. व्हॅन गाल यांना मात्र कप जिंकल्यावर दोनच दिवसांत काढून टाकलं.

आता दुसरी बाजू. रॅशफर्डबरोबर आत आलेली बहुतेक मुलं आज कुठल्याही मोठ्या संघात नाहीत. त्यांच्या घरच्यांनीही तितक्याच खेपा घातल्या होत्या. शिवाय निवडणारे चुकतात. हॅरी केनला आर्सेनलने लहानपणीच नको म्हटलं. डेक्लन राइसला चेल्सीने चौदाव्या वर्षी सोडलं. जेमी वार्डीला सोळाव्या वर्षी शेफील्ड वेन्सडेने सोडलं, तो खालच्या स्तरावरच्या निमव्यावसायिक लीगमध्ये खेळत राहिला आणि २०१६ मध्ये लेस्टरकडून प्रीमियर लीग जिंकला. हे तिघे उभे राहिले म्हणून त्यांची नावं आपल्याला माहीत आहेत. 'क्लबने माझं बाळपण घेतलं आणि मग फोनही उचलला नाही' असं वाटणाऱ्या मुलाचं नाव आपल्याला कधी कळत नाही.

यात आता पैशाचा नवा हिशेब आलाय. क्लब खेळाडू विकत घेतो तेव्हा ती रक्कम कराराच्या वर्षांवर विभागून खर्चात दाखवतो. अकादमीतल्या मुलाची खरेदी किंमत शून्य, त्यामुळे तो विकला की आलेली पूर्ण रक्कम नफा. तोट्यावर मर्यादा घालणारे नियम आहेत, ते पाळायचे तर घरचा मुलगा विकणं सगळ्यांत सोपं. सहाव्या वर्षी चेल्सीत आलेला मेसन माउंट २०२३ मध्ये विकला गेला, पुढच्या वर्षी कॉनर गॅलघर. नियम आर्थिक शिस्तीसाठी आले आणि त्यांची झळ सगळ्यांत आधी गावच्या पोराला लागली. हा नियम बदलला पाहिजे, असं माझं स्पष्ट मत आहे.

आपल्या जवळचं एक उदाहरण देतो. लँकशरमधला ब्लॅकबर्न रोव्हर्स हा क्लब २०१० पासून पुण्याच्या व्यंकीजच्या मालकीचा आहे. त्या काळात संघ तिसऱ्या स्तरापर्यंत घसरला, समर्थकांचा रोष झाला, तो बराचसा रास्त होता. पण अकादमी चालू राहिली. ब्लॅकबर्नमध्येच जन्मलेला ॲडम व्हार्टन लहानपणी तिथे दाखल झाला, २०२२ मध्ये मुख्य संघात आला, फेब्रुवारी २०२४ मध्ये क्रिस्टल पॅलेसला विकला गेला आणि त्याच वर्षी जूनमध्ये इंग्लंडकडून खेळला. पुण्याच्या मालकांनी या एका बाबतीत हात आखडता घेतला नाही, याचं श्रेय त्यांना द्यायला हवं.

आणि पॅलेसचं नाव आलंच आहे तर, सोडून दिलेल्या मुलांसाठी काम कसं करावं हे त्याच क्लबकडून शिकण्यासारखं आहे. अकादमीतून बाहेर पडलेल्या मुलाशी त्यांचा माणूस पुढची तीन वर्षं संपर्क ठेवतो. दुसरा क्लब शोधायचा, कॉलेजला जायचं की नोकरी धरायची, यात मदत करतो, मन खचलं असेल तर बोलायला असतो. अशी सोय पहिल्या श्रेणीच्या प्रत्येक अकादमीला सक्तीची करावी, आणि आपल्याकडे ज्या निवासी क्रीडा प्रबोधिनी आहेत त्यांच्याही नियमावलीत ती असावी. प्रवेशाचा अर्ज भरून घेतानाच पालकांना सांगता आलं पाहिजे, की मुलगा निवडला गेला नाही तर त्याच्याशी पुढची तीन वर्षं कोण बोलणार आहे.