श्रावणातला फूड वॉक आणि काकूंचा डबा

नमस्कार मंडळी. आजच्या गप्पा बसून नाही, चालत चालत. म्हणजे तुम्ही बसा हो, चहाबिहा घेऊन निवांत बसा, चालणार मी. आम्ही दोघंतिघं मित्र मिळून रविवारी सकाळी पुण्यात कॅम्पात एक वॉक घेतो, लोक त्याला फूड वॉक म्हणतात, कोणी हेरिटेज वॉक म्हणतं (हेरिटेज ह्या शब्दाचा मला वैताग आहे, जुनी गळकी पायरी दिसली की हेरिटेज, पण ते असो). त्या वॉकमधला एक किस्सा मला सांगायचाय, पण त्याआधी रस्ता सांगतो, नाहीतर किस्सा कळायचा नाही.

आधी दोन सूचना, पक्की खूणगाठ बांधून ठेवा. एक, पोट अर्धं रिकामं ठेवून यायचं. दोन, प्रत्येक ठिकाणी अर्धंच खायचं. परत सांगतो, अर्धं पोट आणि अर्धा घास. लोक काय करतात, पहिल्याच ठिकाणी बन मस्का दोन-दोन हाणतात, वर आम्लेट, आणि मग तिसऱ्या चौकात पायरी शोधत बसतात.

सुरुवात आपण करतो लाल देवळापासून. रिक्षावाल्याला सिनॅगॉग म्हणाल तर तो तुमच्याकडे नुसता बघेल, लाल देऊळ म्हणा, मुकाट्याने मीटर टाकेल, म्हणजे टाकला तर. ज्यूंचं प्रार्थनामंदिर आहे ते, ओहेल डेव्हिड, 1867 साली पुरं झालं. लाल विटा, उंच मनोरा, त्यावर घड्याळ. लांबून बघितलं तर चर्चच वाटतं, आणि वॉकमधले निम्मे लोक तसंच म्हणतात. बांधलं डेव्हिड ससूननी, म्हणजे आपल्या ससून हॉस्पिटलचे ससून, बगदादहून आलेले मोठे व्यापारी. देऊळ पुरं व्हायच्या आधीच 1864 मध्ये ते पुण्यात वारले, त्यांची समाधी तिथेच आवारात आहे. आत जायला आधी परवानगी, ओळखपत्र वगैरे सगळं लागतं म्हणून आम्ही बहुतेक वेळा गेटाबाहेरूनच बघतो.

तिथून चार बावडी. रस्त्याच्या कडेला हजरत बाबाजानचा दर्गा. ह्या बाई कडुलिंबाखाली बसायच्या, ऊन नाही पाऊस नाही, 1931 मध्ये गेल्या. डेक्कन कॉलेजात शिकणारा एक इराणी पोरगा तिथून सायकलवरून जायचा, 1913 मध्ये एक दिवस त्यांनी त्याला जवळ बोलावलं आणि कपाळाचा मुका घेतला, आणि तो पोरगा म्हणजे पुढे जगभर भक्त असलेले अध्यात्मिक गुरू मेहेरबाबा. बघा हं, मुसलमान फकीर बाई, पारशी धर्माचा इराणी मुलगा, आणि आज दर्ग्यात डोकं टेकवणाऱ्यांत निम्म्या हिंदू बायका. कॅम्पात हे कोणाला विशेष वाटत नाही. मला पण पहिली दहा वर्षं वाटलं नव्हतं.

इराणी आणि पारशी ह्यातला फरक लोक हटकून विचारतात. धर्म एकच, झरथुष्ट्री. पारशी हजारएक वर्षांपूर्वी गुजरातेत आले, इराणी बरेचसे एकोणिसाव्या शतकात आणि त्यानंतर, यझ्द-केरमानकडून. साधारण हिशेब असा की धनसाक (डाळीत शिजवलेलं मटण) पारशाकडचा आणि चहा इराण्याचा. चहा काचेच्या ग्लासात किंवा कपबशीत प्यायचा, बशीत ओतून फुर्र केलंत तरी कोणी काही म्हणणार नाही. कागदी कपात इराणी चहा देणाऱ्यांवर माझ्या हातात असतं तर दंड लावला असता.

मग क्वार्टर गेटचं सिटी चर्च. ह्याला जमीन कोणी दिली? पेशव्यांनी. 1792, सवाई माधवराव, फौजेत गोव्याकडचे ख्रिश्चन लोक होते त्यांच्यासाठी. हे ऐकलं की सदाशिव पेठेतली मंडळी एकदम ताठ उभी राहतात, जणू सातबारा ह्यांच्याच नावावर होता.

आणि मग रास्ता पेठ. सरदार रास्त्यांची पेठ, रस्त्याची नाही. तिथे दुसरं सिनॅगॉग आहे, 1921 चं, सुक्कथ शेलोमो, आणि हे बगदादींचं नाही हं, हे बेने इस्राएलांचं. म्हणजे आपले मराठी ज्यू. पूर्वज अलिबागजवळ नवगावला जहाज फुटून किनाऱ्याला लागले, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, असं ते सांगतात. कोकणात तेलाचा घाणा चालवायचे, शनिवारी घाणा बंद, म्हणून गाव म्हणायचं शनवार तेली. आडनावं काय, तर दिवेकर, पेणकर, रोहेकर, किहीमकर. घरात बोलायचे मराठी. 1948 नंतर बरेचजण इस्राएलला गेले, तिथेही मराठी नियतकालिक काढलं, मायबोली नावाचं. आपली पोरं इथे राहून मराठी पेपर वाचत नाहीत, पण तो विषय काढला तर आजचा वेळ त्यातच जाईल.

शेवट ईस्ट स्ट्रीटला, कयानी बेकरी, 1955 ची, श्रुसबेरी बिस्किटं. आता हे ध्यानात ठेवा, बेकरी दुपारी बंद असते. परत सांगतो, दुपारी बंद. किस्सा इथेच अडकलाय.

तर झालं काय, श्रावणातला रविवार. श्रावणात फूड वॉक घ्यायचाच नसतो खरं म्हणजे, निम्मे लोक खात नाहीत आणि उरलेले लपून खातात. पण एका मुलाने अमेरिकेतून ऑनलाइन दोन तिकिटं काढली होती, एक स्वतःच्या बायकोचं आणि एक मावशीचं. बायको आली, आणि तिच्याबरोबर ह्या काकू. वय सत्तरीचं, नऊवारी नाही पण कडक इस्त्रीची सुती साडी, पायात स्पोर्ट शूज, हातात छत्री, आणि खांद्याला कापडी पिशवी, त्यात स्वतःचा थर्मास, स्वतःची पाण्याची बाटली आणि एक स्टीलचा डबा. मला म्हणाल्या, "मी फक्त बघायला आलेय. कांदा-लसूण नाही, अंडं नाही, बाहेरचं पाणी नाही. तुम्ही तुमचं चालू द्या." म्हटलं, काकू, हा फूड वॉक आहे. म्हणाल्या, "मग वॉक मी करते, फूड तुम्ही करा."

झालं. लाल देवळापाशी काकू ठीक. चार बावडीला लांबूनच नमस्कार केला, पण केला. इराण्याकडे सगळे बन मस्का खातायत आणि काकू बाहेर फुटपाथवर छत्री उघडून थर्मासमधला चहा पितायत, आणि आतला गल्ल्यावरचा म्हातारा मला विचारतोय, "तुमची मदर बाहेर का उभी हाय?" मटण हा शब्द आला की काकू डोळे मिटायच्या. मी त्या दिवशी मटण हा शब्द किती वेळा उच्चारला असेल, मलाच माहीत नव्हतं, डोळे मिटल्यावर मोजता आलं.

रास्ता पेठेत आमच्या ओळखीच्या एक आजी राहतात, बेने इस्राएल, ऐंशी पार. त्यांच्याकडे दहा मिनिटं टेकायचं, पाणी प्यायचं, त्या जुनं काहीतरी सांगतात आणि निघायचं, असा आमचा शिरस्ता. पण त्या रविवारी आजींनी बेत केला होता. नातवाचं कुठलं तरी काम झालं होतं, त्याचा नवस फेडला होता, म्हणून मलिदा. तुमच्या डोळ्यांसमोर पोळीचा चुरा आला असेल, तर तो नव्हे. हा मलिदा पोह्यांचा. भिजवलेले पोहे, ओलं खोबरं, साखर, वेलची, वर सुकामेवा, आणि बाजूला फळं, खजूर, केळं. एलियाहू हन्नाबी ह्या पैगंबराच्या नावाने करतात. ताटात सब्जाच्या काड्या पण ठेवलेल्या, प्रार्थना म्हणून त्याचा वास घ्यायचा असतो.

काकू दाराशीच उभ्या होत्या. पण ताट दिसलं. मान अशी पुढे आली. "पोहे आहेत का ते?"

"पोहेच. या ना आत."

"कांदा?"

"गोड्या पोह्यात कांदा कोण घालतं, बाई?"

ह्यावर काकू आत आल्या. बूट काढले, ते नीट भिंतीला लावले, पाय पुसले, ताटावर वाकून बघितलं, सब्जाची काडी हुंगली, म्हणाल्या, तुळशीतलीच आहे की ही. मग म्हणाल्या, "गूळ का नाही घातलात? आमच्याकडे नरकचतुर्दशीला गुळाचे."

"साखरच असते. आमच्या आईची पण साखरच."

"आणि भिजवलेत कशात?"

"धुऊन चाळणीत ठेवायचे, अजून काय."

"नारळाचं पाणी शिंपडून ठेवावेत. फुटलेल्या नारळाचं पाणी काय टाकून देता?"

"पाणी नातू पितो."

बाकीचे आम्ही अकराजण कडेकडेने उभे, कोणी सतरंजीवर, कोणी जिन्यात. मी घड्याळ बघतोय. साडेअकरा. मध्ये तोंड घालून म्हणालो, काकू तुमचं माहेर कुठलं, म्हणजे विषय बदलेल. घोडचूक. काकू म्हणाल्या, "चौल." आजी म्हणाल्या, "आमची पणजी नवगावची." आता चौल आणि नवगाव म्हणजे शेजार हो, अलिबागच्या ह्या बाजूला आणि त्या बाजूला. मग काकूंनी सांगितलं की त्यांची आजी शनिवारी तेल आणायला जाऊ द्यायची नाही, आणि इतकी वर्षं ह्यांना वाटत होतं की ते शनीमुळे. आजी म्हणाल्या, "शनी कसला, घाणाच बंद असायचा आमचा." खरं-खोटं देव जाणे, पण काकू अशा गप्प झाल्या की मला वाटलं आता निघू.

कसलं निघतोय. आजी म्हणाल्या, आता नव्याचा सण येईल, म्हणजे त्यांचं नवीन वर्ष, चिकाचा हलवा करायचाय, पण गुडघे चालत नाहीत. चीक म्हटल्यावर काकू तिथेच खाली बसल्या. गव्हाचा चीक! तीन दिवस गहू भिजत घालायचे, रोज पाणी बदलायचं, वाटायचे, गाळायचे, निवळी ओतून टाकायची. काकू कुरडयांसाठी करतात, आजी हलव्यासाठी. पाणी दोनदा बदलायचं की रोज, ह्यावर दहा मिनिटं गेली. मग काकूंनी विचारलं की हलव्याला दूध किती.

"दूध नाही. नारळाचं दूध."

"का? साधं दूध का नाही?"

"सणाला जेवण मटणाचं असतं ना. मटणावर दूध चालत नाही आम्हाला. एका जेवणात दोन्ही नाही."

मटण शब्द आला. मी काकूंकडे बघितलं. डोळे टक्क उघडे.

"चालत नाही म्हणजे? नियम आहे?"

"नियम आहे. आमच्या सासूबाईंच्या वेळेला भांडी पण वेगळी. दुधाची वेगळी, मटणाची वेगळी. डाव सुद्धा."

"डाव सुद्धा!" काकूंनी असा श्वास सोडला, जणू त्यांना माहेरचं माणूस भेटलं. "आणि चुकून लागला तर?"

"तर सासूबाई दिवसभर बोलायच्या नाहीत."

"हं. असं हवं. नाहीतर आमच्याकडे बघा, सून फ्रीजमध्ये अंड्याशेजारी नैवेद्याचं दही ठेवते." सून म्हणजे भाचेसून, ती तिथेच उभी होती, खजूर खात.

मग दोघींचं जे जुळलं म्हणता. शिळं, खरकटं, पारोसं, कोणता डबा कोणत्या फळीवर, हल्लीच्या पोरींना काही सांगायची सोय नाही. मी वॉकमध्ये एवढी वर्षं सांगतोय की बघा किती वेगवेगळे लोक, किती वेगवेगळं खाणं, आणि ह्या दोघी ज्यावर एक झाल्या ते म्हणजे काय काय खायचं नाही. काकूंनी मलिदा खाल्ला, हो, दोनदा घेतला, वर म्हणाल्या, "साखर जास्त झालीय."

मी चार वेळा उठा म्हटलं. निघालो तेव्हा एक वाजायला आला होता. रिक्षा करून ईस्ट स्ट्रीटला पोचलो तर बेकरी दुपारची बंद. म्हटलं ना, दुपारी बंद. चूक माझीच, पण अकरा माणसं माझ्याकडे बघतायत, पैसे बिस्किटांसकट घेतलेले, वरून पाऊस सुरू. आम्ही सगळे एका दुकानाच्या पत्र्याखाली.

काकूंनी शांतपणे पिशवीतून तो स्टीलचा डबा काढला. सकाळपासून ज्याला कोणाला हात लावू दिला नव्हता तो. उघडला, आत नारळीपौर्णिमेच्या उरलेल्या नारळाच्या वड्या, साधारण तीसेक. प्रत्येकाच्या तळहातावर एक-एक ठेवत गेल्या, मला दोन, कारण माझा चेहरा पडला होता. पत्र्याखाली आमच्याशेजारी एक अनोळखी मुलगा उभा होता, बेकरी उघडायची वाट बघत, त्याला पण दिली. त्याने वडी खाल्ली, माझ्या गळ्यातलं ओळखपत्र बघितलं आणि विचारलं, "दादा, हा वॉक पुढच्या रविवारी पण असतो का? आणि ह्या काकू असतात का?"

काकू म्हणाल्या, "पुढच्या रविवारी मी रास्ता पेठेत आहे. गहू भिजत घालायचेत."