मेणबत्त्या दोन डझन, काडेपेटी सादळलेली

(दृश्य: मे महिना, म्हापशाचा बाजार)

मे अर्ध्यावर आला की गोव्यात पुरुमेंताची, म्हणजे पावसाळ्यासाठीच्या साठवणीची, लगबग. सुके बांगडे, सोलं, चिंच, मीठ, कांद्यांच्या माळा. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारी बंद, तेव्हा ही साठवण शहाणपणाचीच. डोकं फिरतं ते रेड अलर्ट आल्यावर. त्यामागचा आकडा चोवीस तासांत २०४.४ मिलिमीटरच्या वर पाऊस. घरोघरी त्यावर उपाय एकच, पोदेराकडून, म्हणजे पाववाल्याकडून, वीस पाव जास्त. दुसऱ्या दिवशी चिवट, तिसऱ्या दिवशी हिरवे.

छपरावर प्लास्टिक, त्यावर चिरे. कडा वाशांना दोरीने बांधायच्या असतात, पण चिरा ठेवणं सोपं. वारा प्लास्टिकखाली शिरला की चिरा घरंगळतो. खाली घरधनी उभा असतो, वर बघत.

इन्व्हर्टरची दीडशे अँपिअर-अवरची १२ व्होल्टची बॅटरी कागदावर १८०० वॉट-अवर देते. गळती धरून हाती बाराशेच्या आसपास. दोन पंखे, चार दिवे, राउटर: सहा तास. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळाने झाडं तारांवर पाडली, तेव्हा अनेक गावं काही दिवस अंधारात होती. बॅटरीतलं पाणी गेल्या चतुर्थीनंतर कुणी पाहिलेलं नसतं.

(दृश्य: पणजी, गटाराचा काठ)

गटारसफाई हा सार्वजनिक पराक्रम. गाळ काढायचा, काठावरच ढीग लावायचा, फोटो घ्यायचा. ओला गाळ निथळू द्यावा लागतो, हे खरं. पण नंतर तो उचलणारा ट्रक कुणाच्या कामात बसत नाही, आणि पहिल्या सरीबरोबर गाळ सुखरूप घरी परततो. शिवाय गटार लख्ख असलं तरी मांडवीला भरती असताना पाणी जाणार कुठे? तोंडाशी झडप नसेल तर नदीच उलटी आत येते. पुराची मॉक ड्रिल, म्हणजे रंगीत तालीम, मात्र ओहोटीला, कोरड्या सकाळी अकरा वाजता. 'जखमी' इसम स्ट्रेचरवर चढताना आधी चपला सांभाळतो.

पूर ओसरल्यावर विहीर. आधी गढूळ पाणी उपसायचं. तीन मीटर व्यासाच्या विहिरीत चार मीटर पाणी म्हणजे सुमारे अठ्ठावीस हजार लिटर. हजार लिटरला अडीच ग्रॅम ब्लीचिंग पावडर, म्हणजे एकूण सत्तर ग्रॅम. बादलीत कालवायची, चुना खाली बसू द्यायचा, वरची निवळ तेवढी विहिरीत सोडून ढवळायची, तासभर थांबायचं. आपण किलोची पिशवी सरळ पालथी करतो. ती गेल्या पावसाळ्यातली, तोंड उघडं, क्लोरीन केव्हाच उडालेला. त्यामुळे कुणालाच काही होत नाही, जंतूंनासुद्धा.