बाबा फरीद: नाव साखरेचं, घरात मिठाची मारामार

पाकिस्तानातल्या पंजाबात सतलज नदीच्या बाजूला पाकपत्तन म्हणून शहर आहे, जुनं नाव अजोधन. मुलतानहून दिल्लीला जाणारे लोक इथे नदी ओलांडायचे, त्यामुळे व्यापारी, फकीर, जोगी, सैनिक, सगळ्यांची ये-जा. तेराव्या शतकात सूफी संत शेख फरीदुद्दीन मसऊद, म्हणजेच बाबा फरीद, इथे येऊन राहिले. खरं तर गुरू कुतुबुद्दीन बख्तियार काकींनंतर दिल्लीत मोठा मान मिळाला असता, पण दरबाराच्या जवळ राहणं त्यांना नकोच होतं.

लोक त्यांना गंज-ए-शकर म्हणतात, म्हणजे साखरेचा खजिना. आणि त्यांच्या खानकाहमध्ये, म्हणजे सूफींच्या मठात, काय शिजायचं, तर करीलच्या काटेरी झुडपाची रानफळं, नुसती उकडून! एकदा मीठ संपलं तेव्हा शिष्य निजामुद्दीननी वाण्याकडून उधार आणलं, जेवायला बसल्यावर बाबांनी घास उचलला आणि हात जड झालाय म्हणून परत ठेवला, विचारपूस केली तर उधारीचं कळलं. जिभेसाठी कर्ज काढण्यापेक्षा दरवेशानं उपाशी मेलेलं बरं, असं म्हणून ताट बाजूला. चिमूटभर मिठावरून एवढं? आपल्याला हे जरा अतीच वाटेल, पण मीठ आणणारा हाच शिष्य पुढे दिल्लीचे हजरत निजामुद्दीन झाला आणि त्यांच्या लंगरवर रोज कितीतरी लोक जेवायचे.

भूक बाबांच्या कवितेतही आहेच. माझी रोटी लाकडाची आणि तोंडी लावायला भूक, असं ते सांगतात, आणि ते पण फारसीत नाही, साध्या लोकांच्या पंजाबीत. तोंडी फिरत राहिलेल्या या ओळी गुरू अर्जनदेवांनी 1604 मध्ये शिखांच्या ग्रंथात घेतल्या, 112 श्लोक आणि 4 शबद, म्हणजे पदं. त्याच ग्रंथात आपल्या नामदेवांची 61 पदं आहेत, त्यामुळे गुरुद्वारात दोघंही गायले जातात.

1265 मध्ये बाबा गेले. दर्गा पाकपत्तनलाच आहे, मोहरममध्ये उरूस भरतो आणि दर्ग्याच्या बहिश्ती दरवाजातून, म्हणजे स्वर्गाच्या दारातून, जायला तुफान गर्दी होते. आणि त्यांची परंपरा आपल्याकडेही आली बरं का, निजामुद्दीनचे शिष्य बुऱ्हानुद्दीन गरीब दख्खनमध्ये आले, 1337 मध्ये वारले, त्यांची कबर खुलताबादला आहे. वेरूळची लेणी बघायला जाणारे बरेच जण तिथूनच पुढे जातात, गाडी काही थांबवत नाहीत.