पडदा कोण लावणार?

आनंद पटवर्धनांचे माहितीपट कसे आहेत, हे तुम्ही बघालच. ते लोकांपर्यंत पोचले कसे, यावर मी बोलणार आहे. स्वतंत्रपणे सिनेमा करणाऱ्याचं निम्मं आयुष्य त्यातच जातं.

१९७४ साली पाटण्यात जयप्रकाशजींचं आंदोलन पेटलेलं. पटवर्धन तेव्हा २४ वर्षांचे, ते आंदोलन कॅमेऱ्यात टिपत होते. सुपर-एट कॅमेरा, म्हणजे लोक घरच्या लग्न-बारशाला वापरायचे तो! त्यावर टिपलेलं पडद्यावर पाडायचं आणि पडद्यावरचं चित्र पुन्हा १६ एमएमवर, म्हणजे मोठ्या फिल्मवर टिपायचं. चित्र खरखरीत येणारच. तोवर आणीबाणी आली. प्रिंटचे तुकडे करून ते परदेशी धाडले आणि कॅनडात पुन्हा जोडले. आपण मात्र व्हिडिओ अपलोड व्हायला वेळ लागला की वैतागतो.

पुढे कोर्टाच्या पायऱ्या. ‘जंग और अमन’ला सेन्सॉरने कट सांगितले, मुंबई उच्च न्यायालयात जिंकून २००३ मध्ये तो एकही कट न देता सुटला. दूरदर्शनवर माहितीपट लागावा म्हणून तर सर्वोच्च न्यायालय गाठावं लागलं. त्या फाइलींच्या तपशिलात आज शिरत नाही.

मला थांबायचंय ते विलास घोगरेंपाशी. मुंबईच्या झोपडपट्ट्यांवरच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) हा शाहीर गातो. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात १० जण गेले. चार दिवसांनी विलासने गळफास घेतला. डाव्या चळवळीतला हा माणूस जाताना डोक्याला आंबेडकरी चळवळीचं निळं फडकं बांधून गेला.

मित्र गेला म्हणून पटवर्धनांनी कॅमेरा उचलला, तो खाली ठेवायला १४ वर्षं लागली. ‘जय भीम कॉम्रेड’ तीन तासांच्या घरात जातो आणि तो पुढे नेतात गाणी. समोरच्याला प्रश्नांनी कोंडीत पकडायची त्यांची खोड मला एरवी खटकते. पण इथे ते बराच वेळ नुसतं ऐकतात. मग हा सिनेमा वस्त्यांत, चाळींत, उघड्यावर पडदा लावून दाखवला गेला. ज्यांचा सिनेमा, त्यांच्या दारात.

आम्हीही आमच्या गावात तो लावला. ठरलेला हॉल आदल्या रात्री ‘दुरुस्तीसाठी’ बंद झाला. मग समाजमंदिर, कुणाच्या तरी घरची डबल बेडची चादर, शेजारच्या पिठाच्या गिरणीतून ओढलेली वायर. सिनेमा निम्म्यावर आला नि वीज गेली. मला वाटलं, संपलं, लोक उठणार. कुणी उठलं नाही. मागून एका म्हाताऱ्या बाबांनी लोकशाहीर वामनदादा कर्डकांचं गाणं धरलं, बायकांनी टाळ्यांचा ठेका दिला.

वीस मिनिटांनी वीज आली. मी लगबगीने प्रोजेक्टरकडे गेलो, तर बाबा अंधारात गायले होते तेवढ्याच खणखणीत आवाजात म्हणाले, “सर, जरा दम धरा. दोन कडवी राहिलीत.”